परवान्यावरचे नाव आणि धंद्यातला वाटा

कुडाळ-मालवण पट्ट्यात परमिट रूम आणि बिअर शॉपींचे हिशेब लिहिणाऱ्या माझ्यासारख्या कर सल्लागाराला मार्च महिना जड जातो आणि त्याला आर्थिक वर्षाची अखेर हे एकच कारण नसते. मद्यविक्रीचे परवाने ३१ मार्चला संपतात, नूतनीकरणाचे अर्ज आणि शुल्क त्याआधी भरावे लागते आणि नेमके त्याच सुमारास शिमग्याला मुंबईकर गावी येतात. वर्षभर फोनवर "सगळे व्यवस्थित चालले आहे" एवढेच ऐकलेला भागीदार पालखी देवळात परतली की गल्ल्यापाशी येऊन उभा राहतो आणि वही मागतो. तिथून जी बोलाचाली सुरू होते, तिची परिणती बरेचदा राज्य उत्पादन शुल्क विभागाच्या अधीक्षकांना लिहिलेल्या एका अर्जात होते. माझ्याकडे येणाऱ्या बहुतेकांना हा अर्ज म्हणजे हुकमाचा पत्ता वाटतो, आणि तो तसा का नाही हे प्रत्येकाला वेगवेगळे समजावून सांगण्याऐवजी एकदा लिहूनच ठेवावे असे ठरवले.

आमच्याकडच्या या धंद्यांची घडणच अशी आहे की भांडणाचे बी पहिल्या दिवशीच पेरले जाते. एकाची रस्त्यालगत किंवा किनाऱ्याजवळ वडिलोपार्जित जागा असते, दुसऱ्याकडे मुंबईतल्या नोकरीतून मिळालेली फंडाची रक्कम असते आणि दोघे बहुधा चुलतभाऊ किंवा एकाच वाडीतले असतात. १९९७ मध्ये सिंधुदुर्ग पर्यटन जिल्हा म्हणून जाहीर झाला आणि पुढे तारकर्ली-देवबागकडे पर्यटकांची रीघ लागली, तशा अशा जोड्या गावोगाव जमल्या. खाणावळ म्हणून सुरू झालेल्या जागेचे काही मोसमांत हॉटेल होते आणि मग एफएल-३, म्हणजे परमिट रूमचा परवाना काढायचे ठरते. गावात कायम राहणारा आणि कागदपत्रांसाठी खेपा घालू शकणारा माणूस एकच असल्यामुळे परवाना त्याच्या नावावर निघतो. मुंबईकराचे नाव मुद्रांकावर लिहिलेल्या भागीदारी पत्रात राहते. काही वेळा तेही नसते, आणि त्याच्या पैशांचा पुरावा म्हणून बँकेच्या पासबुकातली एक ओळ तेवढी शिल्लक असते. काही वर्षे सुखाची जातात. मग जागावाला म्हणू लागतो, "रातदीस राबतंय मी, आणि वाटो अर्धो-अर्धो खयचो?" आणि मुंबईकर विचारतो, "पैसो माझो, आणि लायसन तेच्या नावार कसा?" दोघांचेही म्हणणे आपापल्या परीने खरे असते. चुकतो तो त्यांचा पुढचा तर्क, की ज्याने परवाना दिला तोच आता आपला न्यायनिवाडाही करील.

परवाना देणारा अधिकारी दोन माणसांमधला करार तपासून परवाना देत नाही. महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम, १९४९ हा कायदा नावाप्रमाणेच मुळात बंदीचा कायदा आहे आणि परवाना हा त्या बंदीतून काही अटींवर दिलेला अपवाद आहे. मद्याचा व्यापार हा नागरिकाचा मूलभूत हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने खोडे डिस्टिलरीज प्रकरणात स्पष्ट केले आहे. त्यामुळे जिल्हाधिकारी आणि त्यांच्या वतीने काम पाहणारा उत्पादन शुल्क विभाग यांना एकाच प्रश्नाचे उत्तर हवे असते: या ठराविक जागेत, या ठराविक अटींवर विकल्या जाणाऱ्या मद्यासाठी शासनाला जबाबदार कोण? कोणाचे किती पैसे गुंतले, फ्रीजर कोणी आणला, कौले काढून स्लॅब कोणी घातला, हे त्या प्रश्नात येत नाही. परवाना विकता येत नाही, गहाण टाकता येत नाही आणि परवानगीशिवाय दुसऱ्याच्या हाती सोपवता येत नाही. भागीदाराचे नाव परवान्यात घालायचे किंवा त्यातून वगळायचे तर त्यासाठी वेगळा अर्ज, वेगळे शुल्क आणि वेगळी मंजुरी लागते. इतकेच काय, गल्ल्यावर बसणारा आणि पेग मोजून देणारा माणूससुद्धा नोकरनाम्यावर, म्हणजे विभागाने मंजूर केलेल्या नोकरांच्या यादीवर, असावा लागतो.

अशा एका प्रकरणात मी हिशेबनीस म्हणून सुनावणीला हजर होतो, त्याची हकीकत इथे सांगण्यासारखी आहे. या जोडीने निदान एवढे शहाणपण दाखवले होते, की मुंबईकराचे नाव रीतसर मंजुरी घेऊन परवान्यात घातले होते. त्याची हरकत अशी, की तीन वर्षांचा हिशेब मिळालेला नाही, सबब तो मिळेपर्यंत परवान्याचे नूतनीकरण करू नये. जागावाल्याचे म्हणणे असे, की भागीदार सही अडवून धंदा बंद पाडू पाहतो आहे, सबब त्याचे नाव परवान्यातून कमी करावे. दोघांनी कापडी पिशव्या भरून वह्या आणल्या होत्या. कच्ची वही, पक्की वही, खरेदीची बिले, मच्छीवाल्याच्या चिठ्ठ्या, सगळे टेबलावर मांडले गेले. अधिकाऱ्यांनी त्यांतली एकही वही उघडली नाही. त्यांनी विचारले ते एवढेच, की शुल्क भरले आहे का, नोकरनामा चालू आहे का, गेल्या वर्षात नियमभंगाचे काही प्रकरण आहे का आणि भागीदारीच्या वादात कोणत्या न्यायालयाचा मनाई हुकूम आहे का. चारही उत्तरे लिहून घेतली आणि वह्या हळूच पुढे सरकवत ते म्हणाले, "ह्या मला दाखवून उपयोग नाही, ज्यांना बघायच्या आहेत त्यांना दाखवा." मुंबईकराला तो अपमान वाटला. मला मात्र त्या खोलीत झालेले ते सर्वांत अचूक वाक्य वाटले.

आदेशात शेवटी जे वाक्य आले ते सरकारी पत्रव्यवहार वाचणाऱ्या प्रत्येकाला पाठ असते: "सदर बाब दिवाणी स्वरूपाची असल्याने अर्जदाराने सक्षम न्यायालयात दाद मागावी." या वाक्यावर आपल्याकडे बरेच तोंडसुख घेतले जाते, आणि कित्येक ठिकाणी ते खरोखरच अंग झटकण्यासाठी वापरले जाते, हेही मान्य करायला हवे. परंतु मद्य परवान्याच्या बाबतीत ते कायद्याला धरून आहे. दारूबंदी अधिनियमाच्या कलम ५४ मध्ये परवाना निलंबित किंवा रद्द करण्याची कारणे दिलेली आहेत: शुल्क थकणे, परवानाधारकाने किंवा त्याच्या नोकराने अटींचा भंग करणे, विशिष्ट गुन्ह्यांत शिक्षा होणे, अशा प्रकारची ती कारणे आहेत. भागीदारांचे पटत नाही हे कारण त्यांत नाही. अन्य कारणासाठी परवाना रद्द करण्याची तरतूद कलम ५६ मध्ये आहे खरी, पण ती शासनाच्या हिताच्या दृष्टीने वापरायची गोष्ट आहे, एका भागीदाराला दुसऱ्यावर कुरघोडी करता यावी म्हणून नव्हे. साक्षीदार तपासणे, उलटतपासणी घेणे, हिशेब तपासायला आयुक्त नेमणे, कोणाचा हिस्सा किती हे ठरवून हुकूमनामा करणे, यांपैकी काहीही करण्याचे अधिकार परवाना देणाऱ्याला नाहीत. त्याने तसे केलेच तर कलम १३७ खालच्या अपिलात किंवा कलम १३८ खाली शासनाकडे होणाऱ्या पुनरीक्षणात तो आदेश टिकणे अवघड, आणि त्यात जो काळ जातो त्याची किंमत धंदा मोजतो.

सही अडवण्याचा प्रकार मात्र वेगळा आणि अधिक त्रासाचा आहे. परवाना भागीदारी संस्थेच्या नावावर असला की नूतनीकरणाच्या कागदांवर सर्व भागीदारांच्या सह्या मागितल्या जातात, आणि ज्याला काहीच मिळत नाही त्याच्या हातात सही हे एकमेव हत्यार उरते. ते वापरण्याचा मोह मला समजतो. पण ३१ मार्च उलटला, नूतनीकरण झाले नाही, तर १ एप्रिलपासून विक्री बंद, साठ्याचा पंचनामा, कपाटांना सील आणि मे महिन्याचा भर मोसम हातचा जातो. बिअरला मुदत असते; सील निघेपर्यंत त्यातली किती विकण्यायोग्य राहील हे सांगता येत नाही. ज्या धंद्यातला अर्धा वाटा मागायचा, त्याचीच किंमत आपण अशी उतरवून ठेवतो. अशा वेळी अधिकाऱ्याने नूतनीकरण करावे आणि आदेशात ते भागीदारांच्या हक्कांना बाध न येता, न्यायालयाच्या निर्णयाच्या अधीन राहून केले आहे असे नमूद करावे, हाच मला सर्वांत न्याय्य मार्ग वाटतो. वर सांगितलेल्या प्रकरणात तसेच झाले.

ज्या मुंबईकराचे नाव परवान्यावर नाहीच, त्याची अवस्था याहून बिकट असते. तो विभागाकडे जाऊन, मीही भागीदार आहे असे लिहून देतो, तेव्हा विभागाच्या लेखी तो त्रयस्थ असतो. आणि त्याचे म्हणणे खरे धरले तर परवानगीशिवाय भागीदार घेतला म्हणून परवान्याच्या अटीचा भंग उघड होतो. म्हणजे ज्या अर्जाने हक्क मिळवायचा, तोच अर्ज परवान्यावर घाव घालतो. न्यायालयातही ही अडचण पाठ सोडत नाही. नियमांना डावलून मद्य परवान्यात केलेली भागीदारी बेकायदेशीर ठरते, अशी भूमिका सर्वोच्च न्यायालयाने नव्वदच्या दशकात एका प्राप्तिकराच्या प्रकरणात घेतली होती, आणि समोरच्याचा वकील तिचा आधार घेतल्याशिवाय राहत नाही. तेव्हा हॉटेलच्या इमारतीत, खोल्यांत आणि जेवणाच्या धंद्यात गुंतवलेला पैसा आणि परमिट रूममधला पैसा यांचे कागद पहिल्यापासून वेगळे ठेवले असते तर बरे झाले असते, असे म्हणण्याची वेळ येते. ते कागद आमच्याकडे कोणी वेगळे ठेवत नाही, कारण भावाभावांत लेखी काय करायचे, हा आपला जुना हट्ट आहे.

परवाना माणसाशी जसा बांधलेला असतो तसा जागेशीही असतो, हे कोकणाने २०१७ साली फार महाग शिकून घेतले. महामार्गांपासून ५०० मीटरच्या आत मद्यविक्री नको, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने १५ डिसेंबर २०१६ रोजी दिला आणि १ एप्रिल २०१७ पासून मुंबई-गोवा महामार्गालगतच्या परमिट रूमची शटर खाली आली. वीस हजारांपर्यंत लोकसंख्येच्या हद्दीत ते अंतर २२० मीटर केले गेले आणि पुढे जुलैमध्ये नगरपालिका हद्दींबाबत खुलासाही झाला, पण तोवर कित्येक भागीदाऱ्या फुटल्या होत्या. जागावाल्याची जागा महामार्गावरच राहिली आणि परवाना मात्र आत कुठेतरी स्थलांतरित करायची वेळ आली. नवी जागा तिसऱ्याची, तिचे भाडे कोण भरणार, आणि आता जागा देत नसलेल्या भागीदाराला अर्धा वाटा कशाबद्दल, असे प्रश्न उभे राहिले. भागीदारी पत्रात त्यांची उत्तरे नव्हती, कारण महामार्ग हाच धंद्याचा प्राण आहे असे समजून ती लिहिलेली होती. स्थलांतराला मंजुरी द्यायची की नाही एवढेच विभागाच्या हातात होते. वाट्याच्या प्रश्नावर तो गप्प राहिला आणि त्याला गप्पच राहावे लागते.

गोव्याच्या दारूचा विषय टाळता येणार नाही. बांद्याच्या पलीकडे मद्य स्वस्त, अलीकडे महाग, आणि महाराष्ट्राचा कर न भरलेली बाटली परवान्याच्या जागेत सापडली तर तो सरळ गुन्हा आहे. भांडण विकोपाला गेले की एखाद्या भागीदाराला अचानक कायद्याची आठवण होते आणि विभागाला निनावी फोन जातो. इथे मात्र विभागाच्या अधिकारांना मर्यादा नाही. छापा घालणे, माल जप्त करणे, नियमभंगाचे प्रकरण नोंदवणे हे त्याचे कामच आहे आणि खबर कोणी कोणत्या हेतूने दिली याच्याशी त्याला देणेघेणे नसते. परवान्यावर दोघांची नावे असतील तर झळ दोघांनाही बसते, फोन करणाऱ्यालाही. खरी खबर देऊ नये असे मी म्हणणार नाही. पण हिशेब मिळवण्यासाठी खबर देणाऱ्याला हिशेब मिळाल्याचे मी अजून पाहिलेले नाही.

मग दाद कुठे मागायची? भागीदारी अधिनियम, १९३२ या बाबतीत बराच स्पष्ट आहे. भागीदारांनी एकमेकांशी सचोटीने वागावे आणि खरे हिशेब द्यावेत, असे कलम ९ सांगते. वह्या पाहण्याचा आणि त्यांची नक्कल घेण्याचा हक्क कलम १२ मध्ये आहे. मुदत न ठरवलेली ऐच्छिक भागीदारी लेखी नोटिशीने मोडता येते, हे कलम ४३ मध्ये आहे. भागीदारी संपल्यावरही एकजण हिशेब न मिटवता धंदा चालवत राहिला, तर बाहेर पडलेल्याला नंतरच्या नफ्यातला वाटा किंवा आपल्या रकमेवर वर्षाला ६ टक्के व्याज मागण्याची मुभा कलम ३७ देते. भागीदारी पत्रात लवादाचे कलम असेल तर लवाद नेमता येतो आणि तोवर तात्पुरत्या संरक्षणासाठी जिल्हा न्यायालयात अर्ज करता येतो. नसेल तर भागीदारी विसर्जनाचा आणि हिशेबाचा दावा. त्याची मुदत विसर्जनापासून ३ वर्षे आहे आणि ती "पुढच्या शिमग्याला बसून मिटवू" असे म्हणता म्हणता निघून जाते.

नोंदणी न केलेल्या भागीदारीबद्दल एक जुनी धास्ती अजून ऐकू येते, तिचा खुलासा इथेच करतो. १९८४ साली महाराष्ट्राने कलम ६९ मध्ये दुरुस्ती करून नोंदणी नसलेल्या भागीदारीला विसर्जनाचा आणि हिशेबाचा दावाही बंद केला होता. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती घटनाबाह्य ठरवली. तेव्हा नोंदणी नाही म्हणून दारच बंद, अशी आज स्थिती नाही. करारावर आधारलेले इतर दावे मात्र नोंदणीअभावी अडतात. अपिलासाठी किंवा रिट याचिकेसाठी पूर्वी थेट मुंबई गाठावी लागे. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाल्याने रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या पक्षकारांना आता घाट चढला की पुरते.

न्यायालयाकडून मिळणारे सर्वांत कामाचे साधन म्हणजे रिसीव्हर, वाद मिटेपर्यंत धंदा सांभाळायला न्यायालयाने नेमलेला माणूस. परमिट रूममध्ये त्याने स्वतः बसून विक्री करणे शक्य नसते, म्हणून बरेचदा भागीदारांपैकीच एकाला एजंट नेमून, ठरावीक रक्कम दरमहा न्यायालयात भरण्याच्या अटीवर धंदा चालू ठेवला जातो. परवाना जिवंत राहतो, पैसा सुरक्षित राहतो आणि भांडायला दोघेही मोकळे राहतात.

विभागाचे दार ठोठावूच नये, असा याचा अर्थ कोणी घेऊ नये. विभाग निवाडा करू शकत नसला तरी त्याच्याकडे कागद असतात, आणि हिशेबाच्या दाव्यात कागदाइतके वजन कशालाच नाही. घाऊक विक्रेत्याकडून किती माल उचलला, रोजच्या साठ्याच्या नोंदी काय सांगतात, नोकरनाम्यावर कोणाची नावे होती, नूतनीकरणाच्या वेळी कोणी काय प्रतिज्ञापत्र दिले, हे सर्व तिथे मिळते. परवान्यावर नाव असलेल्या भागीदाराने प्रमाणित प्रती मागाव्यात. बाकीच्यांसाठी न्यायालय दप्तर मागवू शकते. त्याच्या जोडीला विक्रीकराची विवरणपत्रे असतातच, कारण मद्य जीएसटीबाहेर असल्याने परमिट रूमच्या मद्यावर अजून व्हॅट लागतो आणि १ नोव्हेंबर २०२३ पासून तो १० टक्के आहे. जेवणाची विक्री एका विवरणपत्रात आणि मद्याची दुसऱ्यात, अशी वेगळी आकडेवारी आयती हाती येते. कच्च्या वहीतले आकडे याच्याशी ताडून पाहिले की अर्धे भांडण तिथेच निवळते, किंवा दुप्पट होते.

जून २०२५ मध्ये मंत्रिमंडळाने घेतलेल्या निर्णयांनुसार एफएल-३ परवाना वार्षिक शुल्काच्या १० टक्के जादा रक्कम भरून कंडक्टिंग अ‍ॅग्रीमेंटवर चालवायला देता येणार आहे. वाइन शॉपसाठी ही जादा आकारणी १५ टक्के आहे. आजवर जे चोरून चालत होते, त्याला रीतसर वाट मिळाली हे चांगलेच झाले. मात्र चालवणारा आणि परवानाधारक यांच्यात वाद झाला, तर तोही विभाग मिटवणार नाही. त्या करारात साठ्याचा ताबा, शिल्लक मालाची किंमत आणि मुदत संपल्यावर नूतनीकरणाला लागणाऱ्या सह्या यांविषयी काही लिहिलेले नसेल, तर आजच्या मुंबईकराच्या जागी उद्या चालवणारा उभा असेल.

वर सांगितलेल्या जोडीचा परवाना नूतनीकरण होऊन चालू आहे. हिशेबाचा वाद लवादासमोर गेला आहे आणि आता मतभेद मुख्यतः मागच्या गोदामाचे भाडे धंद्याने द्यायचे की जागावाल्याने सोसायचे यावर येऊन थांबले आहेत. लवादाने पुढची तारीख दोघांना विचारूनच जूनमधली दिली आहे, कारण तेव्हा मासेमारी बंद असते, पर्यटक नसतात आणि कोणालाच गल्ला सोडून आल्याची सबब सांगता येत नाही.